लोलाचा हक्क

आयकर खात्याची नोटीस आली की माणूस आधी सीएकडे धावतो, मग देवाकडे, आणि अगदीच गळ्याशी आलं तर सासऱ्याकडे. स्पेनची गायिका लोला फ्लोरेस या तिघांपैकी कोणाकडेच गेली नाही. 1982 ते 1985 या वर्षांची विवरणपत्रं भरली नाहीत म्हणून सरकारनं तिला कोर्टात खेचलं होतं. 1987 साली बातमीदारांनी तिला गाठलं, तेव्हा तिनं त्यांच्यासमोर सरळ हिशेब मांडला. स्पेनमधल्या प्रत्येक माणसानं मला एकेक पेसेता दिला तर माझं देणं फिटून जाईल. आणि ते फिटलं, की मी या सगळ्या देणगीदारांना एका स्टेडियममध्ये बोलावीन, त्यांच्याबरोबर बसून एकेक पेला घेईन आणि आनंदानं रडेन.

त्या वेळी स्पेनची लोकसंख्या चार कोटींच्या जरा आत होती आणि भांडण कोट्यवधी पेसेतांचं होतं, त्यामुळे गणित अगदीच हवेतलं नव्हतं. इतकी माणसं मावतील असं स्टेडियम कुठून आणायचं, हा प्रश्न मात्र तिला पडला नाही. यजमानीण मनानं मोठी असली की ती आधी आमंत्रणं करून मोकळी होते. पंगत कुठे बसवायची ते मागाहून बघू.

लोलाची ओळख आपल्याकडच्या तरुण मंडळींना नातीकडून करून द्यावी लागेल. 'मनी हाइस्ट' ही स्पॅनिश मालिका आपल्या घराघरांत रात्री जागवून पाहिली गेली. तिच्यातली नैरोबी म्हणजे आल्बा फ्लोरेस, लोलाच्या मुलाची मुलगी. आजीनं देशाकडे एकेक पेसेता मागितला. नात मालिकेत थेट टांकसाळीत घुसली आणि नोटा छापण्याच्या खात्याची प्रमुख झाली. घराण्याची प्रगती म्हणतात ती हीच.

लोला 1923 साली हेरेस दे ला फ्रोंतेरा या गावी जन्मली. अंदालुसियातलं हे गाव दोन गोष्टींसाठी प्रसिद्ध आहे. एक तिथली शेरी नावाची वाइन आणि दुसरी बुलेरिया, म्हणजे फ्लामेंकोतली सगळ्यात धावती, खट्याळ लय. वडील दारूचा गुत्ता चालवत. म्हणजे गावाचं सगळं वैभव पोरीच्या घरातच नांदत होतं. 1939 साली यादवी युद्ध संपलं, देश उपाशी आणि गप्प होता, आणि त्याच वर्षी सोळा वर्षांची लोला हेरेसच्या व्हियामार्ता थिएटरात रंगमंचावर उभी राहिली. पोरीच्या नादापायी सगळं घर लवकरच माद्रिदला हललं.

नाव झालं ते 1943 पासून, मानोलो काराकोलबरोबर. हा माणूस फ्लामेंकोच्या अस्सल घराण्यातला. 1922 साली संगीतकार मानुएल दे फाया आणि कवी लोर्का यांच्या पुढाकारानं ग्रानादात जुन्या, खोल गाण्याची स्पर्धा भरली होती, तिथे कोवळ्या वयात बक्षीस मिळवून आलेला. लोलाहून चौदा वर्षांनी मोठा, लग्न झालेला, मुलंबाळं असलेला. दोघांच्या 'साम्ब्रा' या कार्यक्रमात तो गायचा, ती नाचायची आणि मधूनमधून दोघं एकमेकांकडे अशी बघायची की पुढच्या रांगेतल्यांना आपण इथे असणं बरं नव्हे असं वाटावं. जे पडद्यापुढे चाले तेच पडद्यामागेही चाले, फक्त आवाज मोठा असे. सात-आठ वर्षं त्यांनी असा देश फिरून काढला. काटेकोर नीतीचा तो काळ, पाद्री आणि पोलीस दोघेही डोळ्यांत तेल घालून बसलेले. आणि त्याच देशात ही जोडी तिकीट लावून आपलं प्रकरण दाखवत होती. लोक तिकिटं काढत होते.

काराकोलशी फाटलं आणि लगेच, 1951 च्या सुमारास, निर्माता सेसारेओ गोन्सालेस यानं तिच्याशी पाच चित्रपटांचा साठ लाख पेसेतांचा करार केला. स्पॅनिश करमणुकीच्या धंद्यात तोवर असा आकडा कोणी ऐकला नव्हता. मग चित्रपट आले, मेक्सिकोचे दौरे आले आणि 'ला फाराओना' हा चित्रपटही आला. फाराओना म्हणजे इजिप्तच्या फेरोची बायको असावी तशी बाई. ते बिरुद तिला कायमचं चिकटलं. पण अंदालुसियाची ही सम्राज्ञी लग्नाला उभी राहिली ती 1957 साली, पहाटे, एल एस्कोरियालच्या मठात. नवरा आंतोनियो गोन्सालेस, ऊर्फ एल पेस्काईया, बार्सिलोनाच्या ग्रासिया वस्तीतला जिप्सी गिटारवाला. 'रुम्बा कातालाना' नावाचा जो उडता, नाचरा प्रकार पुढे स्पेनच्या पॉप संगीतात शिरला, त्याच्या जनकांपैकी हा एक. या प्रकारात तारा छेडता छेडताच हात गिटारच्या लाकडावर आपटायचा, म्हणजे वेगळा तबलजी लागत नाही. एकाच माणसात दोन वादक बसतात. बायको घरात चार बायकांइतकी असल्यावर नवऱ्यानं निदान दोघांइतकं असावं, हे व्यवहारालाही धरून होतं.

हे जिप्सी लोक हजारेक वर्षांपूर्वी आपल्या उपखंडाच्या वायव्येकडून निघाले, असं त्यांच्या भाषेवरून आणि रक्तावरून अभ्यासक सांगतात. हे ऐकल्याबरोबर आपल्याकडे काहींना फ्लामेंकोत लगेच कथ्थक दिसू लागतं, पाय आपटणं ऐकू आलं की घुंगरू आठवतात, आणि व्याख्यानाच्या शेवटी अंदालुसिया जवळजवळ जयपूरला येऊन टेकतं. इतकी घाई करू नये. हजार वर्षांत ज्यांची आपण एकदाही चौकशी केली नाही, ती माणसं नाव काढल्यावर आपली निघतात, हे थोडं संशयास्पदच आहे.

लोलाचं कौतुक करताना तिथली माणसं एक किस्सा हमखास सांगतात. म्हणे न्यूयॉर्कच्या एका मोठ्या वर्तमानपत्रात तिच्या कार्यक्रमाचं परीक्षण आलं होतं : ही बाई गात नाही, नाचत नाही, पण तिला चुकवू नका. गंमत अशी की हे कात्रण आजपर्यंत कोणाला सापडलेलं नाही. हौशी मंडळींनी शोधून पाहिलं, परीक्षण नाहीच. मग लिहिलं कोणी? माझा संशय असा की समस्त स्पेननं मिळून लिहिलं आणि परदेशी माणसाच्या नावावर खपवलं. घरातल्या माणसाबद्दल खरं बोलायचं झालं की आपण ते पाहुण्याच्या तोंडी घालतोच.

आणि त्यात खरं होतंच. कोप्ला हा अंदालुसियाच्या गोष्टीवेल्हाळ गाण्यांचा प्रकार. तो शुद्ध, घासूनपुसून ऐकायचा तर कोंचा पिकेर होती, तिचा प्रत्येक शब्द नाण्यासारखा खणखणीत. पायांचं काम बघायचं तर कार्मेन आमाया होती; तिच्या टाचा मोजायला गेलेला माणूस मोजणी सोडून देई. लोलाचा आवाज खरखरीत, मध्येच फाटणारा, आणि नाचाचं तंत्र म्हणाल तर पंडितांनी भिंतीकडे तोंड करून बसावं असं. पण मी तिच्या जुन्या चित्रफिती पाहतो तेव्हा मला तंत्राची आठवणच होत नाही. ती गाणं सुरू करते ती भुवईनं. मग एक खांदा पुढे येतो. मागे फरफटणारा झालरींचा घोळ ती पायानं असा बाजूला उडवते, जणू कोणीतरी वाटेत येऊन बसलं होतं. केस सुटून तोंडावर येतात, ते ती मागे सारत नाही. केसांच्या आडूनच पुढच्या ओळीचं भांडण उकरून काढते. सत्तरच्या दशकात एक जीभ वळवणारं गाणं तिनं जवळजवळ बोलतच, एका श्वासात फेकून दिलं. आज स्पेनमधली पोरं सांगतात की रॅप आमच्याकडे आजीनंच आणला.

या बाईच्या कलेचं मर्म मला सापडलं ते मात्र गाण्यात नाही, गाणं थांबलं तिथे. 1977 साली होसे मारिया इनिगो यांचा दूरचित्रवाणीवरचा एक कार्यक्रम माद्रिदच्या एका हॉलमधून चालला होता. लोला ऐन रंगात, टाळ्यांचा ठेका चढलेला, आणि तिचा हात कानाकडे जातो. कानातलं नाही! दुसरी कोणी असती तर हसून वेळ मारून नेली असती आणि रडणं मेकअपच्या खोलीसाठी राखून ठेवलं असतं. लोला नाच थांबवते. संगीत थांबतं. सगळा देश बघतोय, आणि ही प्रेक्षकांना सांगते, मिळालं तर परत द्या हं; तुमच्या टाळ्यांबद्दल मनापासून आभार, पण इनिगो, माझं कानातलं मला घालवायचं नाही, कष्टाच्या पैशाचं आहे ते. मंगळागौरीच्या फुगडीत एखादीची कुडी पडावी आणि सगळ्याजणी खेळ सोडून जमीन चाचपायला लागाव्यात, तसा क्षणभर अख्खा स्पेन खाली वाकून बघू लागला असेल.

हे अभिनयात शिकवता येत नाही. लोलानं प्रेक्षकांना ग्राहक मानलंच नाही. ती त्यांना हक्काची माणसं समजायची. ग्राहकासमोर कानातलं हरवलं तर लाज वाटते, घरच्यांसमोर हरवलं तर सगळे मिळून शोधतात. पेसेता मागतानाही तिच्या सुरात लाचारी नव्हती, कारण भावाबहिणींकडे मागायला कसली लाज? तिला मी इथे अगंतुगं करतोय तेही त्याचमुळे. तिच्या देशात ती सगळ्यांची नुसती लोला होती.

अडचण एवढीच, की हक्क दोन्ही बाजूंनी चालतो. 1983 च्या ऑगस्टमध्ये थोरली मुलगी लोलिता हिचं लग्न मार्बेया या समुद्रकाठच्या गावी होतं. लोलिता स्वतः नावाजलेली गायिका. लग्नाला हक्काची माणसं आली. हजारोंनी आली. निमंत्रितांना आत शिरता येईना, वधूला पुढे सरकता येईना, पाद्रीबाबांना आपलाच आवाज ऐकू येईना. बाकांवर माणसं, वेदीजवळ माणसं, ऑगस्टचा उकाडा, आणि गर्दीच्या मधोमध भरजरी पोशाखातली वधूमाय. शेवटी लोलानं आवाज लावला, आणि या आवाजाला कोणत्याही परीक्षकानं नावं ठेवली नसती. माझ्या मुलीचं लग्न लागू शकत नाहीये, तुमचं माझ्यावर प्रेम असेल तर निघा इथून! प्रेमाची ही कसोटी चमत्कारिक होती. जो निघाला त्याचं प्रेम सिद्ध झालं, पण लग्न चुकलं. जो थांबला त्याला लग्न दिसलं, पण त्याचं प्रेम खोटं ठरलं. अखेर बरीच धक्काबुक्की झाल्यावर लग्न कसंबसं लागलं. हे वाक्य आज स्पेनमध्ये म्हणीसारखं वापरतात; पाहुणे उठेनासे झाले की यजमान ते हळूच म्हणतो.

या नातेवाईकपणाला बधला नाही तो एकच जण, सरकार. खालच्या न्यायालयानं तिला सोडून दिलं, पण सर्वोच्च न्यायालयानं दोषी धरलं. प्रत्यक्ष तुरुंगात जावं लागलं नाही, दंड मात्र बसला. जाहीर केलेली पंगतही झाली नाही. पण म्हणून तिच्यावर कोणी रुसलं नाही. 1992 साली कार्लोस साउरांच्या 'सेवियानास' या चित्रपटात ती साठी उलटून गेलेली दिसते, आणि तिच्यापुढे बाकीचे सगळे, कितीही नेटके नाचले तरी, अजून वर्गात बसल्यासारखे वाटतात. आजाराशी ती वीसेक वर्षं झुंजत होती. 16 मे 1995 ला ती गेली. माद्रिदच्या प्लासा दे कोलोनला दर्शनासाठी रांगा लागल्या. या खेपेला निघा म्हणायला कोणी नव्हतं. चौदा दिवसांनी तिचा गायक मुलगा आंतोनियो गेला, तेहतीस वर्षांचा. नैरोबीचा बाप तो हाच. धाकटी रोसारियो फ्लामेंको आणि पॉपची मोट बांधून अजून गाते. अल्मोदोवारच्या चित्रपटात ती बैलांशीही लढली आहे. या घरात कोणाला शांत नोकरी मानवतच नाही.

तर आता शेवटचा किस्सा. 2021 च्या जानेवारीत स्पेनमध्ये एका बिअरची जाहिरात आली. तिच्यात लोला बोलते. मुलींच्या सहकार्यानं संगणकानं तिचा चेहरा दुसऱ्या बाईच्या चेहऱ्यावर बसवला होता. ती तरुणांना बजावते की आपल्या मुलुखाचा हेल कधी टाकू नका, त्यातच आपली ताकद आहे. माणूस मरून पंचवीस वर्षं झाल्यावर त्याला असं उठवून बिअर विकायला लावणं मला एरवी मुळीच आवडलं नसतं. कोंचा पिकेरच्या तोंडी हे घातलं असतं तर मी निषेधाचं पत्र लिहायला बसलो असतो. लोलाच्या बाबतीत माझा निषेध काही केल्या जमेना. जिनं भर कार्यक्रमात लोकांना कानातलं शोधायला लावलं आणि मुलीच्या लग्नातून हजारोंना बाहेर घालवलं, तिनं वरून दोन शब्द ऐकवले यात नवल कसलं? मधली पंचवीस वर्षं ती गप्प कशी बसली, नवल त्याचंच वाटतं.