मामा, फक्त त्रेचाळीस हजार!

गेल्या रविवारी भाचा आणि भाचेसून पेढे घेऊन आले. आमच्या घराण्यात पेढ्यांची कारणं ठरलेली आहेत : परीक्षा, पाळणा आणि पेन्शनची ऑर्डर. भाच्याची शेवटची परीक्षा होऊन बारा वर्षं झाली, पेन्शनला अजून पंचवीस आहेत. म्हणून मी मोठ्या आशेने भाचेसुनेकडे पाहिलं. तिने मान खाली घातली. भाचा म्हणाला, "मामा, लोन सँक्शन झालं!"

माझे आजोबा सावकाराकडून निघाले की मागच्या बोळातून घरी येत आणि बातमी आजीला दिवा मालवल्यावर सांगत. त्यांच्या पतवंडांची पिढी कर्ज मिळालं की स्टेटस ठेवते आणि अर्धा किलो केशरी पेढे वाटते. देशाची प्रगती मोजायला याहून वेगळी फूटपट्टी नको.

"केवढ्याला पडला फ्लॅट?" मी पेढा तोंडात टाकत विचारलं.

"त्रेचाळीस हजार."

"अरे, मी फ्लॅट म्हणालो. दारातली स्कूटर नाही."

"तेच सांगतोय ना मामा. फक्त त्रेचाळीस हजार. वीस वर्षं."

पूर्वी वस्तूला किंमत असायची, आता हप्ता असतो. भाच्याला फ्लॅटचा कार्पेट एरिया दशांशापर्यंत पाठ आहे, पोडियमवर किती झाडं लावणार हे ठाऊक आहे, लिफ्टची कंपनीसुद्धा ठाऊक आहे. घराची किंमत विचारली की मात्र तो महिन्याचा आकडा सांगतो. अशाने उद्या वय विचारलं तर "दरवर्षी फक्त एक" असं सांगेल.

मग मी पाकिटाच्या मागे हिशेब मांडला. फ्लॅट वाकडच्या पुढे, बांधकाम चालू, करारनाम्यातली किंमत ६५ लाख. त्यावर ७ टक्के मुद्रांक शुल्क, म्हणजे ४ लाख ५५ हजार. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम चालू असल्यामुळे ५ टक्के जीएसटी, ३ लाख २५ हजार. (फ्लॅट एकट्या भाचेसुनेच्या नावावर घेतला असता तर मुद्रांक शुल्कात एक टक्का, म्हणजे ६५ हजार वाचले असते. तो विषय त्यांच्या घरात एकदा निघाला आणि ताईच्या चेहऱ्याकडे पाहून मिटला.) खिशातून गेलेले १५ लाख आणि हे कर मिळून २३ लाख १० हजार. उरलेले ५० लाख कर्ज, साडेआठ टक्क्यांनी, २४० महिने. हप्ता ४३,३९१. २४० ने गुणा : १ कोटी ४ लाख १४ हजार. दोन्हींची बेरीज १ कोटी २७ लाख २४ हजार. पडदे, पंखे आणि किचन ट्रॉल्या यात धरलेल्या नाहीत. ताबा मिळेपर्यंत भरायचं प्री-ईएमआय आणि सोबत चालू असलेलं घरभाडंही धरलेलं नाही. त्या प्री-ईएमआयने मुद्दल एका रुपयानेही हलत नाही, तो नुसता हजेरीपट आहे.

"म्हणजे ६५ लाखांचा फ्लॅट तू सव्वा कोटीला घेतलास," मी म्हणालो.

"मामा, तुम्ही ना, फारच निगेटिव्ह बोलता," भाचा म्हणाला. "आणि नव्या घराबद्दल तर बोलूच नये. वास्तुपुरुष तथास्तु म्हणतो."

वास्तुपुरुषाची व्यवस्था त्याने चोख केली होती. वास्तुतज्ज्ञ होकायंत्र घेऊन दोनदा साइटवर जाऊन आले. स्वयंपाकघर आग्नेयेला आहे याची खात्री केली, ईशान्येच्या संडासावर तांब्याची पट्टी सुचवली आणि फी रोख घेतली. आठही दिशा तपासून झाल्या. बँकेने दिलेला परतफेडीचा तक्ता मात्र पाकिटात जसा आला तसाच घडी घातलेला होता. तो मी उघडला.

रकाने मोजकेच : हप्ता, व्याज, मुद्दल, बाकी. पहिली ओळ : हप्ता ४३,३९१, त्यात व्याज ३५,४१७ आणि मुद्दल ७,९७४. म्हणजे रुपयातले सुमारे ८२ पैसे व्याजाला. यात बँकेची लबाडी कुठेच नाही. व्याज नेहमी बाकी रकमेवर लागतं, सुरुवातीला बाकी सर्वांत मोठी, म्हणून व्याज सर्वांत मोठं. हप्ता तेवढाच असल्यामुळे मुद्दलाच्या वाट्याला उरलेला चोथा. पाच वर्षांनी भाच्याने २६ लाख भरलेले असतील आणि मुद्दल कमी झालेलं असेल ५ लाख ९४ हजारांनी. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. रामाचा वनवास चौदा वर्षांचा होता आणि तो संपल्यावर त्याला अयोध्या मिळाली. भाच्याचा तेवढा वनवास संपेल तेव्हा त्याच्या हातात जवळपास २५ लाखांच्या बाकीचा दाखला असेल.

सुपं हे गाव पुण्याहून लांब नाही. १२ मे १८७५ रोजी तिथल्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरा-दुकानांवर चाल केली आणि कर्जरोखे बाहेर काढून जाळले. तो वणवा पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत पसरला, सरकारला चौकशी आयोग नेमावा लागला आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जमुक्तीचा कायदा करावा लागला. आज त्याच जिल्ह्यात आपण कर्जाचे कागद प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये घालून देवघराखालच्या कप्प्यात ठेवतो.

दामदुपटीचा एक जुना नियमही होता. थकलेलं व्याज कधीही मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येत नाही, असं हिंदू धर्मशास्त्र सांगत होतं आणि मुंबई इलाख्यातली न्यायालयं ते मानत होती. मग ५० लाखांवर ५४ लाख व्याज कसं चालतं? त्याचं उत्तर फार सुंदर आहे. नियम थकलेल्या व्याजाला लागू होता. आपलं व्याज थकतच नाही. दर महिन्याच्या पाच तारखेला, पगाराचा मेसेज वाचून व्हायच्या आत, ते खात्यातून आपोआप निघून जातं. सावकाराला जे जमलं नाही ते ऑटो-डेबिटला जमलं. आणि 'दामदुप्पट' हा शब्द आता फक्त पैसे बुडवणाऱ्या योजनांच्या जाहिरातीत उरला आहे.

"पण मामा," भाचा म्हणाला, "टॅक्स वाचतो ना!"

हे वाक्य ऐकलं की मला लग्नातल्या आहेराची आठवण होते. पहिल्या वर्षी भाचा ४ लाख २१ हजार व्याज भरणार. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर २ लाखांपर्यंतच वजावट. तीस टक्क्यांच्या टप्प्यात सेससकट ६२,४०० रुपये वाचतील. म्हणजे सव्वाचार लाख देऊन बासष्ट हजारांचं पाकीट घरी आणायचं. आणि नव्या करप्रणालीत राहत्या घराला ही वजावट मिळतच नाही. भाचा नेमका नव्या प्रणालीत आहे. हे त्याला रविवारी, माझ्या बैठकीच्या खोलीत कळलं. पेढ्यांचा बॉक्स त्याने स्वतःकडे ओढला.

कर्ज मिळवून देणाऱ्या एजंटबद्दल मात्र त्याला आदर होता. फार सभ्य माणूस, सर-मॅडमशिवाय बोलत नाही. त्याने आधी सुचवलं होतं, "सर, तीस वर्षं करा ना, हप्ता ३८,४४६ वर येतो." महिन्याला पाच हजारसुद्धा न वाचवता एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जातं, हे सांगायला त्याला वेळ मिळाला नसावा. मग त्याने कर्जासोबत दीड लाखाचा एकरकमी विमा पुढे केला : "मॅडम, आत्ता काहीच भरायचं नाही, लोनमध्येच ऍड होतो, हप्त्यात फक्त तेराशेचा फरक." तेराशे गुणिले २४० म्हणजे ३ लाख १२ हजार. इथे भाचेसुनेने विचारलं, "कम्पल्सरी आहे का?" तो म्हणाला, "कम्पल्सरी नाही मॅडम, पण सगळे घेतात." ती म्हणाली, "मग सगळ्यांना द्या." तिने वेगळी टर्म पॉलिसी घेतली. त्या घरात हिशेब कुणाला कळतो हे माझ्या त्याच वेळी लक्षात यायला हवं होतं.

व्याजदर तरता, म्हणजे फ्लोटिंग. आपण तरतो की बुडतो हे मुंबईत ठरतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ वरून साडेसहावर नेला. बऱ्याच कर्जदारांना पत्ताही लागला नाही, कारण हप्ता तोच राहिला आणि मुदत गुपचूप वाढली. साडेसहा टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेल्या ५० लाखांचा हप्ता ३७,२७९ रुपये. दर ९ झाला तर त्याच ५० लाखांवर महिन्याचं नुसतं व्याज ३७,५००. म्हणजे माणूस इमानाने हप्ता भरतोय आणि कर्ज वाढतंय. शेवटी ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला बँकांना सांगावं लागलं की, बाबांनो, दर बदलताना कर्जदाराला विचारा : हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही. आणि मुदत इतकी ताणू नका की हप्त्यातून व्याजही निघणार नाही.

२०२५ मध्ये रेपो उतरत उतरत सव्वापाचवर आला. आमच्या शेजाऱ्यांना वाटलं, चढताना जी लिफ्ट होती तीच उतरताना असेल. पण त्यांचं कर्ज जुन्या एमसीएलआर पद्धतीचं, म्हणजे रेपोशी थेट न जोडलेलं. बँकेत अर्ज द्यावा लागला, कन्व्हर्जन फी भरावी लागली, मग दर खाली आला. चढायला लिफ्ट, उतरायला जिना, आणि जिन्याला तिकीट.

आता भाच्याचीही बाजू ऐकली पाहिजे, कारण पेढे त्याचे होते. तो म्हणाला, "मामा, भाडं भरून तरी काय राहतं हातात? आणि पंधरा वर्षांनी त्रेचाळीस हजाराला आजची किंमत असेल का?" दोन्ही मुद्दे खरे आहेत. पगार वाढेल, रुपया झिजेल, तोच हप्ता हलका वाटू लागेल. घरमालकाचा "पोराचं लग्न ठरलंय, जागा खाली करा" असा फोन येणार नाही, भिंतीत खिळा ठोकताना कुणाला विचारावं लागणार नाही. या सुखाला किंमत आहेच. माझं म्हणणं इतकंच की, ती किंमत विचारून घ्यावी. आपण कोथिंबिरीची जुडी घेताना दोन रुपयांसाठी भाजीवालीशी पाच मिनिटं बोलतो. ५४ लाखांच्या व्याजाबद्दल बँकेत विचारलेला एकमेव प्रश्न असतो, "सर, सही कुठे करायची?"

विचारण्याची सोयही आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक गृहकर्जासोबत बँकेने मुख्य बाबींचं विवरण, म्हणजे की फॅक्ट स्टेटमेंट, देणं बंधनकारक आहे. त्यात सगळी शुल्कं धरून वार्षिक दर येतो आणि परतफेडीचा तक्ताही येतो. आणि फ्लोटिंग दराच्या गृहकर्जाची रक्कम मुदतीआधी भरली तर बँकेला दंड लावता येत नाही, हे २०१२ सालापासून आहे. दिवाळीच्या बोनसमधून दरवर्षी एक हप्ता जास्त भरला, तर भाच्याचं कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि १० लाखांहून अधिक व्याज वाचतं. फक्त भरताना लेखी सांगायचं : हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा.

निघताना भाचा बूट घालत होता. भाचेसुनेने तो तक्ता माझ्या हातातून घेतला, शेवटचं पान काढलं आणि पेन्सिलीने काहीतरी मोजलं. "मामा, पहिल्या वर्षाच्या शेवटी एक हप्ता जादा भरला, तर इथले किती जातील?"

रात्री मी ते गणित करून तिला कळवलं. वाचकांनाही सांगून ठेवतो. या कर्जात पहिल्या वर्षाअखेर जास्तीचा भरलेला एक हप्ता शेवटच्या पानावरचे जवळजवळ पाच हप्ते खोडतो. पेढे त्या दिवशी आणा.