प्राचीन हिब्रू : घरबसल्या, एकाच जन्मात

जुना करार मुळातून वाचावा असं पुष्कळांना कधी ना कधी वाटतं. वाटण्यात गैर काही नाही, फक्त ते चारचौघांत बोलू नये. बोललात की कोणीतरी 'मग आधी व्याकरण पक्कं करा' म्हणणार, आणि व्याकरण पक्कं करायला बसलेला माणूस पुढे मजकुरापर्यंत पोचल्याची उदाहरणं विरळा. तरीही ज्यांची तयारी आहे आणि ज्यांचे घरचे समजूतदार आहेत, त्यांच्यासाठी हे मार्गदर्शन.

पहिलं काम खरेदीचं. गेझेनियस हवाच. विल्हेल्म गेझेनियस जर्मनीत हाले इथे प्राध्यापक होते. त्यांचं व्याकरण १८१३ साली निघालं, पुढे काउत्श यांनी ते वाढवलं आणि १९१० साली काउली यांनी इंग्रजीत त्याला आजचं रूप दिलं. ते वाचायचं नसतं, त्यातल्या परिच्छेदाचा आकडा सांगायचा असतो. 'गेझेनियस, परिच्छेद १११' एवढं म्हणून चहाचा घोट घ्यावा. समोरचा घरी जाऊन शोधत बसतो. मग पॉल झुओं या फ्रेंच जेझुइटाचं १९२३ चं व्याकरण घ्या, मुराओका यांनी १९९१ साली इंग्रजीत आणून सुधारलेलं. वाक्यरचनेसाठी वॉल्टके आणि ओकॉनर, १९९०. आणि थॉमस लॅम्बडिन यांचं १९७१ चं. या चौघांत नवख्याला खरोखर काही शिकवणारं पुस्तक हे शेवटचं. दुर्दैवाने तेच सर्वांत पातळ असल्यामुळे पाहुण्यांच्या नजरेत भरत नाही.

मराठी माणसाने या बाबतीत न्यूनगंड बाळगू नये. जॉन विल्सन या स्कॉटिश मिशनऱ्याने हिब्रू व्याकरणाची मूलतत्त्वं मराठीतून सांगणारं पुस्तक १८३२ साली मुंबईत छापलं. वाचक ठरलेला होता : कोकणातले आणि मुंबईतले बेने इस्राएल, ज्यांची बोली मराठी आणि प्रार्थना हिब्रू. दादोबा पांडुरंगांचं 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' आलं १८३६ साली. म्हणजे दादोबांनी मराठीचं व्याकरण मराठीत सांगितलं, त्याच्या चार वर्षं आधी हिब्रूचं सांगून झालं होतं.

आता अक्षरं. ती बावीस आहेत, उजवीकडून डावीकडे जातात आणि सगळी व्यंजनं आहेत. दालेथ आणि रेश यांत फरक एका कोपऱ्याचा. हा कोपरा ओळखता येईपर्यंत चष्म्याचा नंबर बदलून घ्यावा. पाच अक्षरं शब्दाच्या शेवटी वेगळी दिसतात, त्यांच्याबद्दल तक्रार करू नये, पुढे तक्रारीला बरंच काही आहे. त्सादेचा आज रूढ असलेला उच्चार मात्र आपल्याला फुकटात मिळतो. तो 'चमचा'मधला च. इंग्रज विद्यार्थ्याला त्यासाठी सराव करावा लागतो, आपण पोहे खातानाही करतो.

स्वर नंतर आले, आणि बऱ्याच नंतर. सातव्या ते दहाव्या शतकांच्या दरम्यान गॅलिलीच्या सरोवराकाठी तिबेरियास इथल्या मासोरा पंडितांनी व्यंजनांना हात न लावता त्यांच्या खाली, वर आणि पोटात टिंबं-रेघा मांडल्या. वाचनाची परंपरा तोंडी चालत आलेली होती, ती त्यांनी खुणांनी बांधून ठेवली. अशा खुणांसह अख्खा तनाख (म्हणजे हिब्रूतला जुना करार) असलेलं सर्वांत जुनं हस्तलिखित १००८ च्या सुमाराचं. ते सेंट पीटर्सबर्गच्या ग्रंथालयात आहे आणि त्याचं नाव लेनिनग्राड कोडेक्स. शहराने आपलं जुनं नाव परत घेतलं, पोथीला कोणी विचारलं नाही. श्टुटगार्टची जी छापील प्रत जगभरचे विद्यार्थी वापरतात, ती हीच पोथी समोर ठेवून केलेली. त्यामुळे 'मूळ मजकुरात असं आहे' हे वाक्य उच्चारण्यापूर्वी, मूळ म्हणजे व्यंजनं की टिंबं, हे स्वतःशी ठरवून घ्या. ठरत नसेल तर वाक्य मोठ्याने उच्चारा, निभावतं.

टिंबांत 'श्वा' नावाची खूण भेटेल. एकाखाली एक दोन टिंबं. ती कधी ओझरता स्वर दाखवते, कधी काहीच नाही, आणि दोन्ही वेळा दिसते अगदी तशीच. नवखे इथे रडकुंडीला येतात. मराठी माणसाने येऊ नये. आपण 'करतो' लिहितो आणि 'कर्तो' म्हणतो, मधला अ कोणत्या नियमाने गिळला ते आपल्याला कोणी शिकवलेलं नसतं. भाषाशास्त्रात या पुसट स्वराला जगभर जे नाव आहे, ते याच श्वावरून घेतलेलं.

उच्चारांची तोंडी परीक्षा अवघड वाटत असेल तर शास्ते या पुस्तकाचा बारावा अध्याय काढा. यार्देन नदीच्या उतारावर गिलादी पहारेकऱ्यांनी पळून आलेल्या एफ्राइमी माणसांना 'शिब्बोलेथ' म्हणायला लावलं. ज्यांच्या तोंडून 'स' निघाला ते तिथेच संपले. मजकुरातला आकडा ४२,००० आहे. फेरपरीक्षेची सोय नव्हती.

यानंतर क्रियापद. इथे साधारण वर्षभराचा शिधा सोबत ठेवावा. हिब्रू धातू तीन व्यंजनांचा, आणि तो सात साच्यांतून काढायचा : कल, निफाल, पिएल, पुआल, हित्पाएल, हिफील, होफाल. 'करणे'वरून 'करवणे' करणाऱ्याला हिफील परका नाही, तो आपला प्रयोजक. पण साचे चालवायला धातू कोणता, तर युरोपीय व्याकरणकारांनी निवडला क-त-ल, म्हणजे ठार मारणे. अरबीतून मराठीत आलेली 'कत्तल' याच घराण्यातली. तेव्हा विद्यार्थी सकाळी उठून मारतो, मारला जातो, निर्घृणपणे मारतो, निर्घृणपणे मारला जातो, स्वतःला मारून घेतो, दुसऱ्याकडून मारवतो. शेजाऱ्यांना आधी कल्पना द्यावी. गंमत अशी की अख्ख्या तनाखमध्ये हे क्रियापद तीनदाच येतं, दोनदा ईयोबच्या पुस्तकात आणि एकदा १३९ व्या स्तोत्रात, आणि तिन्ही वेळा साध्या कल साच्यात. बाकीचे सहा तक्ते पवित्र शास्त्रात कुठेही नसलेल्या रूपांचे आहेत. ते तोंडपाठ करणाऱ्या पिढ्यांबद्दल मला आदर आहे, पण निवडीचं कारण ऐकलं की तो जरा कमी होतो : या धातूचं एकही अक्षर हिब्रूच्या अर्थाने कंठ्य नाही, एकही गळत नाही, म्हणजे तो चारचौघांसारखा वागत नाही म्हणूनच नमुना ठरला.

जुन्या यहुदी व्याकरणकारांचा नमुना होता प-आयिन-ल, म्हणजे 'करणे'. साच्यांची नावं त्यावरूनच पडली. तो सौम्य आहे, पण त्याची अडचण निराळी. पिएल साच्याची खूण म्हणजे मधल्या व्यंजनाचं द्वित्व, आणि आयिनचं द्वित्व होत नाही. म्हणजे पिएलची ओळख खुद्द 'पिएल' या नावात दिसत नाही.

शब्दकोशाकडे वळा, पण जपून. ब्राउन, ड्रायव्हर आणि ब्रिग्ज यांचा १९०६ चा कोश शब्दांवर नाही, धातूंवर लावलेला आहे. शब्द शोधायचा तर धातू माहीत हवा, आणि धातू माहीत असता तर कोश कशाला काढला असता? 'तेत' हे रूप घ्या, अर्थ 'देणे'. त् आणि त्, दोनच व्यंजनं. शोधायचं मात्र न-त-न या धातूखाली, कारण आगेमागेचे दोन्ही न मधल्या मध्ये गळालेले आहेत. अशी गळकी रूपं मोजके वाचक सोडून सर्वांना छळत आली. काही जुन्या पंडितांनी तर दोन अक्षरांचे, एका अक्षराचेही धातू मानून टाकले होते. दहाव्या शतकात कोर्दोव्यात यहूदा हय्यूज यांनी अरबी व्याकरणाची शिस्त हिब्रूला लावली आणि दाखवून दिलं की तिसरं अक्षर नसतं असं नाही, ते दडलेलं असतं. या एका शोधाचं ऋण गेझेनियसपासून आजच्या संगणकीय कोशांपर्यंत सगळ्यांवर आहे.

आता काळ. हिब्रू कथनात 'आणि तो उठला, आणि तो गेला' सांगणारं रूप एरवी भविष्याकडे झुकणाऱ्या 'यिक्तोल'सारखं दिसतं, फक्त त्याला पुढून 'व', म्हणजे वाव हे अक्षर, लागतो आणि त्यापुढचं व्यंजन सहसा जोर धरतं. यालाच वायिक्तोल म्हणतात, परिच्छेद १११ तो हाच. जुने लोक म्हणत, हा वाव काळ उलटवतो. एका जोडाक्षरी फटक्यात भविष्याचा भूत! नवख्याने या स्पष्टीकरणावर विश्वास ठेवू नये, पण वर्गात विरोधही करू नये. एकोणिसाव्या शतकात एवाल्ड यांनी सांगितलं की इथे काळ नाहीच, काम पुरं झालं की व्हायचं आहे एवढाच भेद आहे. ड्रायव्हर यांनी १८७४ साली या रूपांवर स्वतंत्र ग्रंथच लिहिला. भांडण अजून चालू आहे आणि त्यात उतरायला प्रवेश फी नाही.

पण अक्कादी भाषा वाचली गेली, १९२९ साली सीरियात रास शाम्राला उगारिती पाट्या निघाल्या, आणि चित्र बरंच स्वच्छ झालं. जुन्या सेमिटिक भाषांत सारख्या दिसणाऱ्या दोन रूपांची जोडी होती. आखूड रूप घडून गेलेल्यासाठी, लांब रूप घडायच्यासाठी. हिब्रूत शब्दान्तीचे ऱ्हस्व स्वर झिजले आणि दोघं बहुतेक ठिकाणी एकसारखी झाली. वावने काहीच उलटवलं नाही. त्याच्या आडोशाला ते जुनं भूतकाळी रूप टिकून राहिलं, इतकंच. मराठी वाचकाला याचं नवल वाटायला नको. ज्ञानेश्वरीच्या मराठीत 'करी', 'म्हणे' हा वर्तमानकाळ होता, आज तीच रूपं रीतिभूतकाळाची आहेत. तरी 'तुका म्हणे' कानावर आलं की आपण काळ विचारत नाही, पुढे काय म्हणतो ते ऐकतो.

संख्यावाचकांविषयी थोडक्यात : तीन ते दहा आकड्यांचं जे रूप स्त्रीलिंगी दिसतं ते पुल्लिंगी नामाला लागतं, आणि उलट. कारण विचारू नका.

एवढ्यावर पहिलं वचन उघडायला हरकत नाही. पहिलाच शब्द 'बेरेशीथ', आणि त्यात निश्चितता दाखवणारा उपपद-स्वर नाही. अकराव्या शतकात राशी या यहुदी भाष्यकारांनी तो शब्द पुढच्याशी जोडून वाचला : देव निर्माण करू लागला तेव्हा. बाकीच्यांनी 'प्रारंभी' म्हणून थांबणं पसंत केलं. ज्यांना व्याकरणाचीच आवड आहे त्यांनी या शब्दावरच मुक्काम करावा, आयुष्य आरामात जातं. पुढे गेलात तर 'एलोहीम' भेटेल : प्रत्यय अनेकवचनी, क्रियापद एकवचनी. आपल्याकडे 'साहेब आले' म्हणताना क्रियापदही साहेबांबरोबर अनेकवचनात जातं. हिब्रूत ते जागचं हलत नाही.

आणि काही ठिकाणी हात टेकायलाही शिका. नोहाचं तारू 'गोफेर' लाकडाचं होतं. हा शब्द तनाखमध्ये एकदाच येतो, झाड कुठलं ते कोणालाच ठाऊक नाही. 'सेला' स्तोत्रसंहितेत ७१ वेळा आणि हबक्कूकमध्ये ३ वेळा येतो, अर्थाबद्दल तर्कच आहेत. मासोरा पंडितांनी एकदाच येणाऱ्या रूपांशेजारी समासात एक छोटा लामेद लिहून ठेवला, म्हणजे 'आणखी कुठे नाही'. अर्थ कळला नाही तरी मोजून ठेवायचं, ही त्यांची रीत मला कुठल्याही सिद्धान्तापेक्षा भरवशाची वाटते.

पंडिता रमाबाईंना संस्कृत व्याकरण लहानपणीच मुखोद्गत होतं. तरी उतारवयात त्यांनी केडगावला हिब्रू आणि ग्रीक धरलं ते सोप्या मराठीत बायबल आणण्यासाठी. त्या १९२२ साली गेल्या, त्यांचं संपूर्ण बायबल १९२४ साली छापून निघालं. तक्ते पाठ झाले का, असं त्यांना कोणी विचारल्याचं ऐकिवात नाही.

तेव्हा अक्षरं ओळखू आली, कल साचा अर्धामुर्धा जमला आणि वायिक्तोल दिसताक्षणी भूतकाळ वाटू लागला, की योनाचं पुस्तक उघडा. त्यात ४८ वचनं आहेत. दुसऱ्या अध्यायातलं गाणं पहिल्या फेरीत सोडून द्या, ते कवितेचं हिब्रू आहे आणि अवघड आहे. बाकीचं मोठ्याने वाचा, आणि गेझेनियस अडेल तेव्हाच काढा.