नळातलं चैतन्य

वास्तव म्हणून स्वतंत्र काही नसतं, बघणाऱ्याच्या जाणिवेतून ते घडतं, असं मानणारे भले भले शास्त्रज्ञ युरोप-अमेरिकेत होऊन गेले. बिचाऱ्यांना शेवटपर्यंत पुरावा मिळाला नाही. मिळणार कसा? छत्रपती संभाजीनगरात त्यांच्यापैकी कुणी भाड्यानं राहिलंच नाही.

इथे जायकवाडी भरतं, धरणाचे 27 दरवाजे उघडतात, अख्खं शहर पैठणला जाऊन नाथसागर जलाशयासोबत फोटो काढून येतं. घरी परतल्यावर हात धुवायला जारचं पाणी घ्यावं लागतं. पाणी एकाच वेळी आहे आणि नाही. हे समजावून सांगायला श्रोडिंगरला 1935 मध्ये एक मांजर, एक पेटी आणि विषाची कुपी एवढं सामान लागलं होतं. सिडको-हडकोतल्या गृहिणीचं एका रिकाम्या बादलीवर भागतं.

पुढे 1961 मध्ये युजीन विग्नर म्हणाला की जाणीव असलेलं कुणीतरी बघेपर्यंत प्रयोगाचा निकाल लागतच नाही. पण तो पडला खरा शास्त्रज्ञ. उतारवयात त्यानं हा विचार सोडून दिला. आम्ही तो उचलला आणि स्थानिक परिस्थितीनुसार दुरुस्त करून घेतला. आमचा ‘चैतन्य-जलसिद्धांत’ असा: पाण्याचं असणं-नसणं बघणाऱ्याच्या खुर्चीवर अवलंबून असतं. चैतन्य डोक्यात नसून बुडाखाली असतं, एवढीच आमची मूळ भर.

पुरावे सार्वजनिक आहेत. डिसेंबर 2020 मध्ये तेव्हाचे मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांनी 1680 कोटींच्या पाणीयोजनेचं भूमिपूजन केलं. त्या खुर्चीवरून पाणी स्वच्छ दिसत होतं. मे 2022 मध्ये तेव्हाचे विरोधी पक्षनेते देवेंद्र फडणवीस यांनी याच शहरात जलआक्रोश मोर्चा काढला. त्यांच्या बाजूनं पाणी मुळीच दिसत नव्हतं, आणि नळापाशी जाऊन बघितलं तर त्यांचंच खरं होतं. पुढच्याच महिन्यात राज्यातलं सरकार बदललं. पाइप तेच, खड्डे तेच, फक्त निरीक्षकांनी जागा बदलल्या. लगेच ज्यांना पाणी दिसत होतं त्यांना ते दिसेनासं झालं, आणि ज्यांना दिसत नव्हतं त्यांना ‘लवकरच’ दिसू लागलं. दरम्यान योजनेचा आकडा 2740 कोटींवर गेला. विश्वात प्रकाशाचा वेग स्थिर असतो. अंदाजपत्रकाला तसा नियम लागू नाही.

सरकारचं चैतन्य अगदीच निद्रिस्त होतं असंही नाही. 2022 मध्ये वर्षाची पाणीपट्टी 4050 रुपयांवरून 2025 वर आणली गेली. पाणी वाढवता येत नसेल तर बिल कमी करावं, हा शोध कुठल्याही पाश्चात्त्य विद्यापीठाला लागलेला नाही.

काही जिज्ञासू विचारतील, की मग जायकवाडीहून शहरात पाणी आणणार होती त्या ‘समांतर’ जलवाहिनीचं काय झालं? त्याचं उत्तर भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेटनं 1957 मध्येच देऊन ठेवलंय. त्याच्या मते प्रत्येक शक्यता कुठल्या ना कुठल्या विश्वात खरी होते. म्हणजे एका विश्वात ती जलवाहिनी पूर्ण झाली आहे, आणि तिथले औरंगपुऱ्यातले लोक रोज शॉवरखाली गाणी म्हणताहेत. आपल्या वाट्याला आलेल्या विश्वात महापालिकेनं 2016 मध्ये त्या जलवाहिनीचा करार रद्द केला. तक्रार कुणाकडे करणार? विश्व बदलून देण्याची खिडकी वॉर्ड कार्यालयात नाही.

चैतन्य या विषयातली सगळ्यात रंगतदार जोडी मात्र रॉजर पेनरोझ आणि स्टुअर्ट हॅमरॉफ यांची. पेनरोझ थोर गणिती. 2020 चं नोबेल मिळालं, ते कृष्णविवरांसाठी. हॅमरॉफ व्यवसायानं भूलतज्ज्ञ. ज्याचं पोट माणसाची शुद्ध घालवण्यावर चालतं, त्यानंच शुद्धीचा सिद्धांत मांडावा, हे आम्हाला भूमिपूजनांच्या सवयीमुळे मुळीच विचित्र वाटलं नाही. दोघांचं म्हणणं असं, की चैतन्याचा उगम मेंदूच्या पेशींमधल्या सूक्ष्म नळ्यांत होतो. बहुतेक शास्त्रज्ञांना हे पटत नाही. आम्हाला तत्काळ पटलं. आमच्याकडे अडीच मीटर व्यासाच्या नळ्या पैठण रस्त्याच्या कडेला पडून होत्या, सहा फुटी माणूस ताठ मानेनं आतून चालत जाईल एवढ्या. त्यांत काही तरी वाहत असणारच. पाणी नव्हतं, म्हणजे चैतन्य असलं पाहिजे.

आता नळाशी बसून बघू. पाण्याची रात्र. आमच्या गल्लीतल्या काकू दोन वाजल्यापासून मीटरच्या खड्ड्याशी उकिडव्या बसलेल्या, हातात मोबाइलचा टॉर्च, मोटरचं बटण दाबायला नातू जिन्यात उभा. आधी नळ खोकतो. मग फुस्स करून हवा. मग मातकट पाण्याची एक गुळणी, आणि पुन्हा शांतता. कोपऱ्यावर लाइनमन व्हॉल्व्हमध्ये चावी घालून उभा.

‘काय रे, आज तरी प्रेशर येणारंय का?’

‘पंपावर लाइट गेलती काकू. टाकीच नाही भरली. उद्या बघू.’

‘उद्या कशाचं, आठ दिवसांचा गॅप पडतोय तुमचा! पाहुणे यायलेत माझ्याकडं.’

‘पाहुण्यांना पुढच्या पाळीला बोलवा ना मग.’

विश्वाच्या मूलभूत घटकांविषयी इतका मोकळा संवाद आम्ही कुठल्या परिषदेत ऐकलेला नाही.

याच मराठवाड्यात, हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ ‘लायगो’ची गुरुत्वलहरी वेधशाळा उभी राहते आहे. एप्रिल 2023 मध्ये केंद्रानं तिच्यासाठी 2600 कोटी मंजूर केले. अवकाश-काळाच्या पटावर उठलेली, प्रोटॉनच्या आकाराहूनही कितीतरी बारीक सुरकुती तिथे मोजली जाणार. 2015 मध्ये अमेरिकेतल्या अशाच यंत्रांनी सुमारे 130 कोटी प्रकाशवर्षांवरून आलेली लहर टिपली होती. पैठणहून निघालेलं पाणी अमुक गल्लीत किती वाजता पोचेल, हे टिपणारं यंत्र मात्र अजून कुणाच्या डोक्यात आलेलं नाही. अंतर फार कमी पडतं बहुधा.

निजामशाहीचा वजीर मलिक अंबर याचा उल्लेख टाळायचा असं ठरवलं होतं, कारण तो आमच्या सिद्धांताची पार वाट लावतो. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला या गृहस्थानं ना ध्यान केलं, ना विश्वाकडे मागणं मागितलं. त्यानं जमिनीचा उतार बघितला, नहर खोदली आणि पाणी याच शहरात आणलं. वीज नाही, पंप नाही, सादरीकरण नाही. असल्या कोरड्या वृत्तीच्या माणसाला चैतन्य काय कळणार!

सिद्धांताला खरा लोकाश्रय द्यायचा तर तो हॉटेलच्या सभागृहातच न्यायला हवा. अध्यात्मगुरू दीपक चोप्रांना 1998 मध्ये भौतिकशास्त्राचं ‘इग नोबेल’ मिळालं, ते क्वांटम भौतिकशास्त्राचं नातं सुखसमृद्धीशी जोडल्याबद्दल. हा धंदा मंदीत जात नाही, कारण त्यात हमी देणारा कधीच चुकत नाही. नळ कोरडा राहिला तर श्रद्धा कमी पडली, तुमची. मनात टंचाईचे विचार होते, तुमच्या. कंत्राटदार, अभियंता, मंत्री, सगळे एका झटक्यात निर्दोष. हे ध्यानात आल्यावर महापालिकेनं पाणीपुरवठा विभाग बंद करून ध्यानकेंद्रं का उघडली नाहीत, याचंच आश्चर्य वाटतं.

तोवर आम्हीच जालना रोडवर एक दिवसाची कार्यशाळा घेतोय. शुल्क 2025 रुपये, चहा-नाश्त्यासह. पाण्याची बाटली घरून आणावी. आंघोळ करून येण्याची अट नाही.