बोरघाटातील शिंगरोबास अनावृत पत्र

प्रति,
श्री. शिंगरोबा,
बोरघाट, जुना मुंबई-पुणे रस्ता.

विषय : मौजे वडिवळे, ता. मावळ येथील एका उमेदवाराने पक्क्या लायसनच्या अपॉइंटमेंटसाठी केलेल्या तयारीचा अहवाल सादर करणेबाबत.

महोदय,

वरील विषयास अनुसरून सादर करण्यात येते की, वाहनचालकांविषयीचा पत्रव्यवहार खरे तर परिवहन खात्याशी करायचा असतो. पण घाटातून जाणारा ड्रायव्हर खिडकीतून नाणे टाकतो ते आपल्या देवळासमोर, खात्यासमोर नव्हे. तेव्हा माहिती आपल्याकडे असलेली बरी.

आपली कथा मावळात सर्वांना ठाऊक आहे. इंग्रज साहेबाला डोंगर उतरायची वाट सापडेना, ती आपण मेंढरांमागे हिंडता हिंडता दाखवली. काम रस्त्याचे होते की रेल्वेचे, यावर घाटाच्या वरच्या आणि खालच्या गावांत अजून एकमत नाही. कागदोपत्री एवढेच सापडते की गाडीरस्ता १८३० साली गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी खुला केला आणि रेल्वे १८६३ मध्ये घाट चढली. आपणांस ना फॉर्म भरावा लागला, ना मेंढरांची पीयूसी दाखवावी लागली. मोबदल्यात गोळी मिळाली असे सांगतात. हल्लीच्या उमेदवाराला टोकन मिळते. प्रशासनात सुधारणा झाली नाही, असे म्हणता येणार नाही.

आता उमेदवाराविषयी. त्याचे आडनाव इथे देण्याचे कारण नाही. वडिवळे ज्या नाणे मावळात आहे, तिथे घरटी एक तरी असा सापडेल. कुंडली नदीवर धरण असलेले हे वडिवळे. धरणाचे पाणी कुंडलीतून इंद्रायणीत उतरते आणि देहू, मोशी करत आळंदीला पोचते, कार्तिकी वारीला तर मुद्दाम सोडतात. वाटेत त्याला कोणी स्लॉट विचारत नाही. उमेदवाराला मात्र मोशीला जायचे म्हणजे आधी कामशेत गाठायचे, तिथून लोकलने कासारवाडी, मग नाशिक फाट्यावरून बस. मावळच्या गाड्यांवर एमएच १४ लागते, कारण तालुका पिंपरी-चिंचवडच्या, मोशीला असलेल्या परिवहन कार्यालयाला जोडलेला आहे. पावसाळ्यात पुलावर पाणी आले की आधी कामशेतच परदेश होते.

गाडी त्याला चालवता येते का, हा प्रश्न गावात कोणी विचारत नाही. भातखाचरात चिखलणी करताना ट्रॅक्टर कोणाच्या हाती असतो, हे पोलीस पाटलापासून सगळ्यांनी बघितलेले असते. मोटार वाहन कायदा १९८८ चे कलम ४ म्हणते, अठरा वर्षे पूर्ण हवीत. २०१९ च्या दुरुस्तीने आलेले कलम १९९ अ म्हणते, अल्पवयीन पोराने गुन्हा केला तर पालकाला २५,००० रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद, गाडीची नोंदणी वर्षभर रद्द, आणि पोराला पंचविशीपर्यंत लायसन नाही. मे २०२४ मध्ये पुण्यात कल्याणीनगरला अल्पवयीन मुलाच्या मोटारीखाली दोन जीव गेले. बाल न्याय मंडळाने त्याला जामीन देताना घातलेल्या अटींत अपघातांवर ३०० शब्दांचा निबंध होता. त्या आठवड्यात नाणे मावळातल्या कित्येक पालकांनी पोराकडून किल्ली काढून घेतली. पुढच्या आठवड्यात पेरणी आली, किल्ली परत दिली.

आमच्या उमेदवाराने मात्र रीतसर अठरा पूर्ण केली आणि कच्चे लायसन काढले. जून २०२१ पासून महाराष्ट्रात त्याची परीक्षा आधारच्या जोरावर घरी बसून देता येते. फक्त आधारला जोडलेला मोबाइल नंबर चुलत्याचा असतो, चुलता चाकणला कंपनीत असतो आणि कंपनीत फोन लॉकरमध्ये असतो. रविवारी चुलता घरी आला तेव्हा ओटीपी आला. तो घ्यायला दोघे धरणाच्या बाजूला चढावर जाऊन उभे राहिले, कारण रेंज तिथे असते. शंभरात साठ गुणांना पास. नियमाप्रमाणे चिन्हे, अपघात झाल्यावर चालकाने काय करायचे, सोबत कोणती कागदपत्रे बाळगायची आणि बिनफाटकवाल्या रेल्वे क्रॉसिंगवर कोणती काळजी घ्यायची हे विचारतात. ब्रॉडगेजवरची बिनफाटकवाली क्रॉसिंग रेल्वेने जानेवारी २०१९ पर्यंत संपवली. प्रश्न नियमात शाबूत आहे. देशात काहीतरी टिकून आहे, हे बघून बरे वाटते.

पक्क्यासाठी मात्र देह घेऊन जावे लागते. कच्चे मिळाल्यावर तीस दिवस थांबायचे आणि सहा महिने उलटायच्या आत टेस्ट द्यायची. या तीस दिवसांत उमेदवाराने ड्रायव्हिंग सुधारावे, असा कायद्याचा भाबडा समज दिसतो. उमेदवाराने ते दिवस झेरॉक्सच्या दुकानात घालवले.

शाळा सोडल्याच्या दाखल्यावर तो ज्ञानोबा, आधारवर ज्ञानेश्वर आणि रेशनकार्डावर नुसताच माऊली. दुकानदार म्हणाला, ‘दाखला आणि आधार दोन्ही लावून ठेव, साहेब जे मान्य करतील ते खरं.’ मग प्रत्येकाच्या तीन तीन प्रती, त्यातली एक साक्षांकित, कारण साक्षांकित प्रत आता कोणी मागत नसले तरी आजोबांचा जीव तिच्याशिवाय थंड होत नाही. चार फोटो काढले. फोटो तर तिथेच कॅमेऱ्यासमोर बसवून काढतात, असे बरोबरचा मित्र म्हणाला. उमेदवाराने तरीही चार काढले, कारण नेले नाहीत तरच मागतात, हा सरकारी कामाचा अनुभव गावाने एकत्र मिळून घेतलेला आहे. गाडीचे आरसी, इन्शुरन्स आणि पीयूसी वेगळ्या प्लॅस्टिकच्या पिशवीत. पीयूसीची मुदत गेलेली निघाली. ट्रॅक्टरच्या धुरात वाढलेल्या पोराला मित्राच्या मामाच्या मारुती मोटारीचा धूर मोजून घ्यावा लागला. स्टेपलर मारायचा की टाचणी लावायची, यावर दुकानात दोन पक्ष पडले. उमेदवाराने घरची लाल दोऱ्याची फाइल उचलली.

फॉर्म मात्र आपण एकदा वाचावाच. नमुना १ हे शारीरिक योग्यतेचे स्वयंघोषणापत्र. फिट येतात का, रातांधळेपणा आहे का, लाल-हिरवा ओळखता का आणि चांगल्या उजेडात २५ मीटरवरून मोटारीची नंबरप्लेट वाचता येते का, हे उमेदवाराने स्वतःच स्वतःविषयी सांगायचे. डॉक्टरचा दाखला चाळिशीनंतर किंवा वाहतुकीच्या गाडीसाठी. वडिवळ्यात २५ मीटरवर उभी असलेली मोटार नंबरवरून कोणी ओळखत नाही, हॉर्नवरून ओळखतात. पण तो रकाना फॉर्मात नाही. पुढे नमुना २ रक्तगट विचारतो आणि अपघाती मृत्यू आल्यास अवयव दान करणार का, हेही विचारतो. गाडी शिकायला निघालेल्या माणसाला दारातच हे विचारणे रस्त्यांच्या दर्जाविषयी बरेच काही सांगून जाते. उमेदवाराने ‘होय’ केले. आजीला सांगितले नाही.

फीचे म्हणाल तर डिसेंबर २०१६ पासून दर ठरलेले आहेत: कच्च्यासाठी गाडीच्या प्रत्येक वर्गाला १५० रुपये, वर परीक्षेचे ५०; पक्क्यासाठी प्रत्येक वर्गाच्या टेस्टचे ३०० आणि लायसनचे २००, वर राज्याचे टपाल-सेवा वगैरे किरकोळ. हे आकडे भिंतीवरच्या फलकावर असतात. फलकाखाली उभा असलेला माणूस वेगळा आकडा सांगतो, आणि लोक फलकापेक्षा त्याच्यावर विश्वास ठेवतात. जानेवारी २०१५ मध्ये तत्कालीन परिवहन आयुक्त महेश झगडे यांनी आरटीओच्या आवारातून एजंटांना हटवण्याचा आदेश काढला होता. तेव्हापासून एजंट आवारात नसतो. समोरच्या टपरीवर चहा पीत असतो.

या टपरीचा अभ्यास झालेला आहे. मारियान बर्ट्रांड, सिमियन जांकोव्ह, रेमा हॅना आणि सेंदिल मुल्लैनाथन या चार अर्थतज्ज्ञांनी दिल्लीत लायसन काढायला निघालेले ८२२ उमेदवार निवडले. त्यांचा शोधनिबंध २००७ मध्ये छापून आला. काहींना सांगितले, लवकर लायसन काढा, बक्षीस देऊ. काहींना फुकट ड्रायव्हिंग शिकवले. बाकीचे आपापले. सरकारी खर्च ४५० रुपयांच्या आसपास असताना लायसन मिळवणाऱ्यांनी सरासरी ११२० रुपये मोजले. त्यांतल्या ६० टक्क्यांहून अधिकांनी टेस्ट दिलीच नव्हती. लायसन हातात पडल्यावर अभ्यासकांनी स्वतः गाडी चालवायला लावली, तर ५४ टक्क्यांना ती धड चालवता येत नव्हती. आणि बक्षिसाच्या आशेने पळालेल्यांना शिकून आलेल्यांपेक्षा जास्त लायसनं मिळाली. दिल्ली लांब आहे, गोष्टही जुनी आहे. पण हे आकडे टपरीवर वाचून दाखवले तर कोणी दचकणार नाही, हीच काळजीची बाब.

आमच्या उमेदवाराने एजंट घेतला नाही. तत्त्वाचा प्रश्न होता, शिवाय पैसे नव्हते. त्याऐवजी टेस्टला जाऊन आलेल्या मित्रांच्या सांगण्यावरून तो माळावर चुन्याने आठाचा आकडा आखून रोज संध्याकाळी दुचाकीने गिरवू लागला. पाय टेकला की नापास, म्हणून पोरे कडेला बसून पाय मोजत. पंधरा दिवसांत त्याचा आठ इतका सुरेख झाला की पहिलीच्या बाईंनी बघावा. चारचाकीला त्याने मारुती पहिल्या गिअरमध्ये पुढे नेली, मागे आणली, दोन दगडांमध्ये लावली. झाली तयारी.

महोदय, या पत्राचे खरे प्रयोजन इथून पुढे आहे. केंद्रीय मोटार वाहन नियम १९८९ मधला नियम १५ आपण वाचलेला नसणार. उमेदवारांनीही वाचलेला नाही. टेस्टमध्ये काय काय बघायचे याची तिथे लांबलचक यादी आहे, आणि ती लिहिणाऱ्याने बोरघाट पायी उतरलेला असावा अशी शंका येते. टॉप गिअरपर्यंत सगळे गिअर टाकून दाखवा. उतारावर झटकन खालच्या गिअरवर या. तीव्र चढावर गाडी थांबवा आणि हातब्रेकच्या आधाराने, एक इंचही मागे न घसरता पुन्हा उचला. खंडाळ्याला रविवारी वाहतूक तुंबते तेव्हा नेमके हेच लागते. पुढची मोटार मागे येते, मागचा हॉर्न वाजवतो, क्लचचा वास सुटतो, आणि चिक्की घ्यायला निघालेले कुटुंब काचा वर करून एकमेकांना दोष देते. उतारावरच्या ट्रकांचे तर विचारू नका. डिझेल वाचवायला न्यूट्रल टाकून गाडी सोडायची, ब्रेक तापतात, मग लागतच नाहीत, आणि ‘ब्रेक फेल’ अशी बातमी येते. अरुंद चढावर खालून वर येणाऱ्या गाडीला आधी वाट द्यायची, हाही नियम पुस्तकात आहे. घाटात त्याचा उच्चार केला तर लोक आपल्याला नवखे समजतात.

आणि सराव कशाचा होतो? सपाट माळावर, पहिल्या गिअरमध्ये, पांढऱ्या आठाचा. मावळातल्या पोराला अंगणातून निघाल्याबरोबर चढ लागतो, जुलैत पाच हातांपुढचे धुक्यात दिसत नाही, आणि तयारी मात्र अशी की जणू उरलेले आयुष्य त्याला कवायतीच्या मैदानावर काढायचे आहे. चढावर गाडी उचलता आली की मग आपल्याला नाणे टाकावे, असे कुठे लिहिलेले नाही. आपण उत्पन्नाचा विचार न करता यावर भूमिका घ्यावी, ही नम्र विनंती.

टेस्टचा दिवस जुलैमध्ये आला. पहाटेची लोकल, फाइल शर्टाच्या आत, पावसात कागद भिजू नये म्हणून वर खताची रिकामी गोणी. मित्राच्या मामाने मारुती घेऊन थेट मैदानावर यायचे कबूल केले होते आणि तो वेळेवर आला, ही या कहाणीतली सर्वांत अविश्वसनीय घटना. नावाची भानगड निघालीच नाही. तीन तीन प्रतींतली एकही कोणी मागितली नाही. दुचाकीवर आठ काढला तो असा की रांगेतल्या दोघांनी मान डोलावली. मग मारुती. उमेदवार आत बसला, किल्ली फिरवली, गिअर टाकला, निघाला. दहा पावलांवर निरीक्षकांनी हात वर केला.

आरसा नीट केला नव्हता. पट्टा लावला नव्हता. नियम १५ च्या यादीतली ती पहिलीच बाब आहे. ट्रॅक्टरला पट्टा नसतो, मारुतीला आरसा होता पण त्यात मामाचा गणपती लटकत होता. निरीक्षकांचे काही चुकले नाही, हे उमेदवारालाही मान्य आहे, आणि अहवालात तशी नोंद घ्यावी. दुचाकीला पास, चारचाकीला नापास. सात दिवसांनंतर पुन्हा येता येते, ३०० रुपये पुन्हा भरून. तीनदा आपटला तर मात्र साठ दिवस थांबायचे.

परतीच्या लोकलमध्ये कामशेत येईपर्यंत त्याने मोबाइलवर पुढची तारीख घेऊन टाकली. मिळाली ती नेमकी बुधवारची. त्या बुधवारी इंद्रायणी भाताची लावणी आहे, सांगिसे गावाकडची आठ माणसे ठरलेली आहेत, आणि ट्रॅक्टर त्यानेच चालवायचा आहे. आजोबांना अजून कोणी सांगितलेले नाही.

आपला विश्वासू,
नाणे मावळातील एक रहिवासी

सोबत : शाळा सोडल्याच्या दाखल्याच्या तीन झेरॉक्स प्रती (न लागल्याने शिल्लक).