कोण जिंकलं ते सोडा

इंग्लंडच्या एफए कपाचा अंतिम सामना बहुतेक वर्षी मे महिन्यात होतो. वर्षानुवर्षं तो तिथल्या दुपारी तीनला सुरू व्हायचा, म्हणजे आपल्याकडे संध्याकाळी साडेसातला. मराठी घरात साडेसात वाजता टीव्हीची मालकी कोणाकडे असते हे मी सांगायला नको. त्यामुळे माझ्या वाट्याला सामने कमी आणि त्यांचा इतिहास जास्त आला. इतिहास वाचायला रिमोट लागत नाही.

या व्यासंगाची घरात फारशी कदर नाही. एकदा जाहिराती लागल्या असताना बायकोने सहज विचारलं, "अहो, एवढं वाचता, तर १९२३ साली कोण जिंकलं सांगा बरं."

मी म्हणालो, "घोडा."

ती पुन्हा मालिकेकडे वळली. पण उत्तर बरोबर होतं. या कपाच्या इतिहासात जिंकणारा संघ कोणाच्याच लक्षात राहत नाही. एखाद्या लग्नात नवरा-नवरी कशी दिसत होती हे दहा वर्षांनी कोणाला आठवत नाही. मठ्ठा संपला होता आणि मुलाचे मामा रुसून बसस्टँडवर जाऊन बसले होते, हे मात्र मरेपर्यंत आठवतं. इथेही तसंच.

अगदी पहिला सामनाच घ्या, १८७२ चा. स्पर्धेची कल्पना चार्ल्स अल्कॉक या गृहस्थाची. हॅरोच्या शाळेत वसतिगृहांमध्ये 'हरला तो बाद' अशा पद्धतीने सामने होत, तेच त्याने देशाला लावून दिलं. अल्कॉक तेव्हा फुटबॉल असोसिएशनचा सचिव होता. अंतिम सामना ठेवला केनिंग्टन ओव्हलवर, म्हणजे सरे क्रिकेट क्लबच्या मैदानावर. सरे क्लबचा सचिव कोण? अल्कॉक. अंतिम फेरीत पोचलेल्या वाँडरर्स संघाचा कप्तान कोण? तोही अल्कॉकच. आपल्याकडे एवढ्यावर चौकशी समिती बसली असती, आणि तिच्या अध्यक्षपदी बहुधा अल्कॉकलाच नेमलं असतं.

वाँडरर्स तिथवर पोचले कसे, हेही ऐकण्यासारखं आहे. पहिल्या फेरीत समोरचा हॅरो चेकर्स संघ खेळायलाच आला नाही. दुसऱ्या फेरीत ते खरोखर एक सामना जिंकले. तिसऱ्या फेरीत बरोबरी झाली, तेव्हा दोन्ही संघांना पुढे पाठवण्यात आलं. उपांत्य फेरीत ग्लासगोच्या क्वीन्स पार्कशी पुन्हा बरोबरी. पण फेरसामन्यासाठी लंडनला थांबणं खिशाला परवडेना, म्हणून स्कॉटिश पाहुणे घरी गेले. असा एक सामना जिंकून संघ अंतिम फेरीत! पुढे त्यांनी रॉयल इंजिनियर्सना १–० असं हरवलं. गोल करणाऱ्याचं नाव नोंदलं गेलं ए. एच. चेकर. प्रत्यक्षात तो होता मॉर्टन पेटो बेट्स. मूळचा हॅरो चेकर्सचा, म्हणून हे टोपणनाव. म्हणजे कपाच्या अंतिम सामन्यांतला पहिला विजयी गोल, स्पर्धेतून माघार घेतलेल्या संघाच्या नावाने झाला. इंजिनियर्सच्या लेफ्टनंट क्रेसवेलचं गळपट्टीचं हाड सुरुवातीलाच मोडलं. बदली खेळाडूची सोय नव्हती, म्हणून तो तसाच शेवटपर्यंत मैदानात उभा राहिला. ती ट्रॉफी साधारण वीस पौंडांची होती. मोडलेलं हाड आणि टोपणनाव, एवढ्यात पहिला सामना आटोपला.

दुसऱ्या वर्षी नियम असा की गतविजेत्याने काही खेळायचंच नाही. थेट अंतिम सामन्याला यायचं आणि मैदानही आपणच निवडायचं. ही सवलत पुढे कोणाला मिळाली नाही, आणि ते बरंच झालं; नाहीतर वाँडरर्स अजूनही जिंकत असते. तो सामना सकाळी उरकला. कारण? ऑक्सफर्ड-केंब्रिजची होड्यांची शर्यत त्याच दिवशी होती, आणि ती चुकवून फुटबॉल कोण बघणार!

त्या काळातला माझा लाडका माणूस म्हणजे लॉर्ड किनेअर्ड. भरघोस दाढी, अंगात पांढरी पँट, आणि लाथ मारताना चेंडू की नडगी असा भेदभाव नाही. नऊ अंतिम सामने खेळला, पाच जिंकला. १८७७ मध्ये त्याने स्वतःच्याच संघावर गोल केला होता. १८८२ मध्ये ओल्ड इटोनियन्स जिंकले तेव्हा हे सरदार पॅव्हिलियनसमोर डोक्यावर उभे राहिले. किस्सा असा सांगतात की घरच्यांना काळजी वाटे, हा एखाद्या दिवशी तुटलेला पाय घेऊन घरी येईल. त्यावर एका मित्राने धीर दिला, "काळजी करू नका, आणला तरी तो त्याचा स्वतःचा नसेल." १८८३ मध्ये मात्र ब्लॅकबर्न ऑलिंपिकच्या गिरणी कामगारांनी या साहेबमंडळींना २–१ असं हरवलं, आणि कप कायमचा त्यांच्या हातून गेला. ही इतिहासातली खरोखर मोठी घटना. तरी मला विचाराल तर डोक्यावर उभा राहिलेला लॉर्डच आठवतो.

१८८८ मध्ये प्रेस्टन नॉर्थ एंडला इतकी खात्री होती की त्यांनी सामन्याआधीच कपाबरोबर फोटो काढायची परवानगी मागितली. म्हणे, खेळल्यावर कपडे मळतात. सामन्याचे पंच मेजर मॅरिंडिन म्हणाले, आधी जिंका तर खरं. प्रेस्टन २–१ असे हरले. जिंकणारा संघ? वेस्ट ब्रॉमविच अल्बियन. पाहिलंत, शेवटी विचारावं लागलं.

१८९५ मध्ये कप अ‍ॅस्टन व्हिलाने जिंकला आणि बर्मिंगहॅममधल्या विल्यम शिलकॉक यांच्या फुटबॉलच्या वस्तूंच्या दुकानात शोभेला मांडला. सप्टेंबरात एका रात्री तो चोरीला गेला. परत मिळाला नाही. असोसिएशनने व्हिलाला पंचवीस पौंड दंड केला. आता ज्याच्या घरी चोरी झाली त्यालाच दंड, ही पद्धत आपल्याला परकी वाटायचं कारण नाही. १९५८ मध्ये एका म्हाताऱ्याने वर्तमानपत्राला सांगितलं की तो कप आपणच चोरला आणि वितळवून खोटी नाणी पाडली. खरं असेल तर बर्मिंगहॅमच्या कितीतरी लोकांनी एफए कप खिशात घेऊन बाजारहाट केला असेल, आणि त्यांना पत्ताही नसेल. पुढे १९११ साली नवा कप ब्रॅडफर्डच्या फॅटोरिनी पेढीने घडवला. त्या वर्षी तो जिंकला कोणी? ब्रॅडफर्ड सिटीने. वाहतूक खर्च वाचला.

आता घोडा.

२८ एप्रिल १९२३. वेम्बलीचं नवंकोरं स्टेडियम, पहिलाच सामना. तिकिटं आधीच घेऊन ठेवायची सक्ती नव्हती. दारावर या आणि आत जा. अधिकृत आकडा १,२६,०४७, पण भिंती-फाटकं ओलांडून आलेल्यांसह दोन लाखांहून जास्त माणसं आत होती असं मानतात. उभं राहायला जागा उरली नाही तेव्हा लोक सरळ मैदानात उतरले. राजे पंचम जॉर्ज येऊन बसलेले, आणि गवत दिसेना. तेव्हा जॉर्ज स्कोरी हा घोडेस्वार पोलीस आपल्या बिली या घोड्यावरून आला आणि इंच इंच करत गर्दी रेषेपर्यंत मागे सारली. पाऊण तास उशिरा खेळ सुरू झाला. दोन मिनिटांत बोल्टनच्या डेव्हिड जॅकने गोल ठोकला, तेव्हा वेस्ट हॅमचा एक खेळाडू अजून गर्दीत अडकलेला. मध्यंतरात खेळाडू मैदानातच थांबले, कारण ड्रेसिंगरूमपर्यंत वाट नव्हती.

त्या दिवशी दुसरेही घोडेस्वार होते. पण त्यांचे घोडे काळपट. काळ्या-पांढऱ्या चित्रफितीत ते गर्दीत मिसळून गेले. बिलीसुद्धा पांढरा नव्हता, करड्या रंगाचा होता. पडद्यावर पांढरा उमटला आणि अमर झाला. हा सामना 'व्हाइट हॉर्स फायनल' म्हणूनच ओळखला जातो, आणि वेम्बलीजवळच्या पुलाला आज 'व्हाइट हॉर्स ब्रिज' असं नाव आहे. दोन गोलांनी जिंकलेल्या बोल्टनच्या नावाचा पूल तिथे नाही. नोकरीत बढतीची वाट पाहणाऱ्यांनी या करड्या घोड्याचा जरूर विचार करावा.

१९२७ मध्ये कार्डिफने कप वेल्समध्ये नेला. इंग्लंडबाहेर तो तेवढा एकदाच गेला. आर्सेनलचा गोलकीपर डॅन लुईस याच्या हातून चेंडू निसटला, आणि दोष गेला त्याच्या नव्या, गुळगुळीत जर्सीवर. आपण अंगणाला वाकडं म्हणतो, तसं. पण आर्सेनलने ते इतकं मनावर घेतलं की पुढच्या अंतिम सामन्यांना जर्सी आधी धुऊन वापरायची प्रथा पडली म्हणतात. लुईस स्वतः वेल्सचाच होता. त्या बिचाऱ्यावर काय काय संशय घेतले गेले असतील!

१९३८ मध्ये बीबीसीचा समालोचक थॉमस वुडरूफ होता. आदल्याच वर्षी आरमाराच्या रोषणाईचं वर्णन करताना तो स्वतःच इतका प्रकाशमान झाला होता की प्रसारण मध्येच तोडावं लागलं होतं. या सामन्यात जादा वेळही संपत आला, गोल होईना. वुडरूफ म्हणाला, आता गोल झाला तर मी माझी टोपी खाईन. लगेच प्रेस्टनला पेनल्टी मिळाली, जॉर्ज मचने ती मारली, गोल. माणूस शब्दाचा पक्का. त्याने खरंच टोपी खाल्ली. गोडाची बनवलेली. आपल्याकडचे समालोचक असं काही बोलत नाहीत, म्हणून शाबूत आहेत.

पुढच्याच वर्षी वुल्व्ज आणि पोर्ट्समथ. वुल्व्जचे व्यवस्थापक मेजर बकली आपल्या खेळाडूंना माकडाच्या ग्रंथींच्या अर्काची इंजेक्शनं देतात, असा गाजावाजा होता. पोर्ट्समथचे व्यवस्थापक जॅक टिन बुटांवर पांढरे पट्टे, म्हणजे स्पॅट्स, घालत. ते शुभ मानले जात आणि प्रत्येक कपसामन्याआधी एक ठरावीक खेळाडूच ते त्यांना बांधून देई. विज्ञान विरुद्ध श्रद्धा. श्रद्धा ४–१ असं जिंकली. मग महायुद्ध सुरू झालं आणि पोर्ट्समथकडे कप सात वर्षं राहिला. न खेळता.

आमचे एक काका मुंबईत कूपरेजला रोव्हर्स कपाच्या अंतिम सामन्यांना जात. ही स्पर्धा १८९१ ची, गोऱ्यांनीच सुरू केलेली. काका घरी येऊन तासभर वर्णन करत: शेंगदाणेवाला, कुंपणावर फाटलेला सदरा, पुढे बसलेल्या माणसाची टोपी. गोल कोणी केला, असं विचारलं की म्हणत, "ते उद्या पेपरात येईलच." हा इतिहास वाचल्यापासून काकांबद्दलचा माझा आदर वाढला आहे.

सगळ्यात अन्याय झाला तो १९५३ मध्ये. ब्लॅकपूल बोल्टनविरुद्ध १–३ असे मागे होते आणि ४–३ असे जिंकले. त्यात स्टॅन मॉर्टेन्सनने तीन गोल केले. वेम्बलीवर कपाच्या अंतिम सामन्यात हॅट्‌ट्रिक! आणि सामन्याला नाव काय पडलं? 'मॅथ्यूज फायनल'. अडतीस वर्षांचे स्टॅन्ली मॅथ्यूज उजव्या बाजूने बचावफळीला नाचवत होते, आणि सगळ्या इंग्लंडची इच्छा त्यांनाच एकदा पदक मिळावं अशी होती. मॉर्टेन्सन वारला तेव्हा कोणीतरी म्हणालं, याच्या अंत्ययात्रेलाही मॅथ्यूजचंच नाव देतील.

गॉर्डन स्मिथचंही तेच. १९८३ मध्ये ब्रायटन विरुद्ध मँचेस्टर युनायटेड, बरोबरी, अगदी शेवटचे क्षण. स्मिथ गोलसमोर मोकळा. रेडिओवरचा समालोचक म्हणाला, आता स्मिथ गोल करणारच. गोलकीपरने अडवला. फेरसामन्यात ब्रायटन ४–० असे हरले. ब्रायटनच्या चाहत्यांनी समालोचनातलं ते वाक्यच आपण काढलेल्या फुटबॉलच्या अंकाला नाव म्हणून दिलं. पण त्याच सामन्यात ब्रायटनचा पहिला गोल स्मिथनेच केला होता, हे सांगायला माझ्यासारखा रिकामटेकडा लागतो.

चार वर्षांनी टॉटनहॅमच्या गॅरी मॅबटनेही संघासाठी गोल केला, आणि जादा वेळात कॉव्हेंट्रीचा चेंडू त्याच्या गुडघ्याला लागून त्याच्याच जाळ्यात गेला. ३–२. कॉव्हेंट्रीच्या चाहत्यांनी आपल्या अंकाचं नाव ठेवलं 'गॅरी मॅबटचा गुडघा'.

एक संपादक मित्र दिवाळी अंकाला नवं नाव शोधत होता, त्याला मी हे सांगितलं. तो थोडा वेळ गंभीर झाला आणि म्हणाला, "वाईट नाही. हाडांच्या डॉक्टरांच्या जाहिराती तरी मिळतील."