सध्या कोमात आहे

मालिकेतला नट तुमच्याही ओळखीत एखादा असेलच. ठाण्याच्या घोडबंदर रोडवर तर सोसायटीगणिक एक सापडतो, स्टुडिओ जवळ पडतात म्हणून. आमच्याकडचा चौथ्या मजल्यावर राहतो. लिफ्टमध्ये भेटला की मी रीत म्हणून विचारतो, "काय, कसं काय?" तो थंडपणे सांगतो, "परवा अर्धांगवायूचा झटका आला. धाकट्याने वाडा नावावर करून घेतला. बाकी मजेत."

एकदा हे ऐकून शेजारी उभ्या असलेल्या कुरिअरवाल्याच्या हातातून पार्सल पडलं होतं. पण 'माझं पात्र' असं म्हणायची या माणसाला सवयच नाही. जे होतं ते त्यालाच होतं. सून छळते त्याला, तुरुंगात जातो तो, विष पडतं तेही त्याच्याच दुधात. एकदा घरी चहा पिताना म्हणाला, "गेल्या आठवड्यात दुसरं लग्न झालं. फार दगदग. आठवडाभर त्याच मुंडावळ्या बांधून बसलोय." वहिनींनी (म्हणजे खऱ्या) बिस्किटांची बशी माझ्यापुढे सरकवली. "घ्या ना," त्या म्हणाल्या, "यांचं हे चौथं."

सर्वांत लाडका प्रसंग म्हणजे कोमा. "सध्या कोमात आहे" हे वाक्य तो अशा सुखाने उच्चारतो, जणू माथेरानला आहे. पाठांतर नाही, एसीत पलंगावर पडून राहायचं, रडायचं काम सुनांकडे, आणि 'पर डे' चालू. एका दुपारी हा खरोखरच झोपला आणि घोरायला लागला. नायिकेचं दोन पानी स्वगत रंगात आलेलं, आणि साउंडवाल्याने हेडफोन काढून ठेवला. तरी त्या दिवसाचे पैसे मिळालेच, हेही त्याने आवर्जून सांगितलं.

भीती आहे ती फक्त हाराची. कोमातून माणूस परत येतो, दरीत कोसळलेला परत येतो, कधी प्लॅस्टिक सर्जरी करून वेगळ्याच नटाच्या रूपात परत येतो. फोटोला हार चढला की मात्र बहुधा संपलं. एका मालिकेत टीआरपी घसरला आणि चॅनेलला 'इमोशनल ट्रॅक' हवा झाला, तेव्हा याला मारलं. पुढे कितीतरी महिने दिवाणखान्यात याचा फोटो टांगलेला. नायिका रोज त्यापुढे उभी राहून "बाबा, तुम्ही असता तर" म्हणायची. हा सोफ्यावर बसून बघायचा आणि चिडायचा, "बघ, अजून कामावर आहे मी. फक्त पैसे बंद केलेत." पैसे तसे लगेच बंद झाले नव्हते. या धंद्यात कामाचा चेक नव्वद दिवसांनी निघतो, त्यामुळे मरणोत्तर तीन महिने मिळकत चालू होती. अशी सोय सरकारी नोकरीतही नसेल.

टीआरपीचे आकडे येतात गुरुवारी. त्या दिवशी याचा उपास असतो. तो दत्ताचा की आकड्यांचा, हे मी विचारलेलं नाही. गुरुवारी संध्याकाळी खाली शतपावली घालताना दिसला तर नायिकेचं बरं चाललंय असं समजावं. दिसला नाही तर ओळखावं की आता कुणीतरी जिन्यावरून पडणार.

बरं, हा गडी मूळचा प्रायोगिक रंगभूमीवरचा. (सगळेच असतात. मालिकेतला एकही नट मूळचा मालिकेतला नसतो.) छेडलं की रोहिणी हट्टंगडींचा दाखला देतो. १९८२च्या 'गांधी'त ज्या कस्तुरबा झाल्या, त्यांनीच २००१पासून 'चार दिवस सासूचे'मध्ये आशालता देशमुख केली आणि ती मालिका तीन हजारांहून जास्त भाग चालली. "कस्तुरबांना सासू व्हावं लागलं, मी काय मोठा लागून गेलो?" या युक्तिवादावर माझ्याकडे उत्तर नाही. बाईंनी त्या सासूचंही सोनं केलं, हा भाग तो सोयीने गाळतो.

२०२०च्या जूनमध्ये चित्रीकरणं पुन्हा सुरू झाली तेव्हा सरकारी नियमाने पासष्टीपुढच्यांना सेटवर बंदी होती. मालिकांमधले आजी-आजोबा एकाएकी गावाला गेले, नाहीतर फोनवर बोलू लागले. आमचा नट तेव्हा पन्नाशीचा. त्याने पांढऱ्या मिशा डकवून घेतल्या आणि आपल्याच वयाच्या माणसाचा बाप झाला. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती बंदी रद्द केली. "निकाल योग्यच आहे," तो म्हणाला, "पण माझा मुलगा गेला रे हातचा."

एरवी मी या माणसावर इतकं लिहिलं नसतं. पण मागे त्याला खरोखरच छातीत दुखू लागलं आणि अँजिओप्लास्टी झाली. वहिनींनी रात्री फोन केला तेव्हा माझ्या तोंडून निघालं, "कुठल्या मालिकेत?" त्या काही बोलल्या नाहीत. तिकडे लेखकाने त्याला तातडीने धंद्याच्या कामासाठी लंडनला धाडला. घरी आला तेव्हा तोंड उतरलेलं, पँट ढिली, वॉचमनच्या खांद्यावर हात. लिफ्टपाशी दुसऱ्या मजल्यावरच्या आजी उभ्या होत्या. त्या एकट्या राहतात, आणि संध्याकाळी साडेसातनंतर त्यांच्याशी बोलणारं त्या मालिकेतलं कुटुंब सोडून कुणी नाही. त्यांनी विचारलं, "आलात का लंडनहून? कसं होतं?"

त्याने वॉचमनच्या खांद्यावरचा हात काढला, ताठ उभा राहिला आणि म्हणाला, "गारठा फार होता हो. पण काम झालं."

तेव्हापासून लिफ्टमध्ये त्याच्या आजारांची मी नीट चौकशी करतो. सध्या तो कर्जबाजारी आहे आणि मोठ्या मुलीचं लग्न मोडण्याच्या बेतात आहे. भेटलात तर सहानुभूती जरूर दाखवा. फक्त पुढे काय होणार, ते विचारू नका. त्याच्या हातात सीन सकाळी मेकअपला बसल्यावर पडतो.