डिंपी कवा बिघडली?

“मावशी, रातच्याला तुमच्या घरातनं सरूआजीच्या शिव्या आयकू येत हुत्या!”

“मग! नातीनं फोनवर ‘देवमाणूस’ मालिका पयल्यापासनं लावलीय. 2020 ला टीव्हीवर लागायचं तवा निम्मं झोपंतच बगितलं. आता कळतंय, त्यातल्या डॉक्टरचं काय एवढं न्हाय.”

“न्हाय कसं? माणसं मारून पुरली की त्यानं!”

“पुरली. पण अजितकुमार नाव लावून कातळवाडीत आला तवाच नासका हुता त्यो. आन त्याचं काम करणाऱ्या किरण गायकवाडला आपण ‘लागिरं झालं जी’तल्या भैय्यासाहेबापासनं वळखतोय. मी बगते डिंपीला. टोण्याची भैन, मेढ्याच्या बाजारात बांगड्या घेताना दिसंल अशी पोरगी. ती कवा बिघडली?”

“डॉक्टरच्या प्रेमात पडली तवा.”

“छ्या! प्रेमात पडल्याली डोळं मिटून असती. हिला तर समदं कळलं. ह्यो खुनी हाय, तरी लगीन करायचंय, पैका पायजे. दिव्या सिंग मॅडमसारखी पोलीस आफिसर हुती की सांगायला. गेली का ही? मग एक झाकलं, त्ये झाकायला दुसरं.”

“आमचा पुण्याचा भाचा सांगतो, अमेरिकेच्या ‘ब्रेकिंग बॅड’मधी बी तसाच एक. केमिस्ट्रीचा मास्तर, गाड्या धुवायला बी जायचा बिचारा. कॅन्सर झाला, मग बायकापोरांसाठी म्हणून गर्द बनवायला लागला.”

“बायकापोरांसाठी?”

“म्हणायला. जुना दोस्त दवाखान्याचा खर्च देतो म्हणला, तर ह्यानं नको म्हणलं. पयल्याच सीझनला!”

“बगा! मिंधेपणा नको, गर्द चालतंय. त्यो बी डिंपीचाच भाऊ.”

“पण मावशी, ही सगळी लिवलेली माणसं.”

“आन वाईच्या त्या डॉक्टरचं? 2016 चा आगस्ट, धोमला खणून मढी काढली. पाचवडवरनं गेलं की वाई काय लांब हाय? त्यावरनंच मालिका सुचली म्हणत्यात. त्या खटल्यात तर संगतीची नर्सच माफीची साक्षीदार झाली. डिंपी तशी झाली असती तर?”

“तर मालिका दिवाळीलाच गुंडाळली असती! पुढच्या 15 आगस्टपातूर आपुन काय बगितलं असतं?”

“त्ये बी खरंच. आन पुन्यांदा ‘देवमाणूस 2’ कशाला काढलं असतं? दुपारी या, च्या टाकते. नात कालेजला गेली की फोन मोकळाच असतोय.”